न्यायालयाचा निकाल आणि वीतभर जमीन

कराडपासून कृष्णेच्या काठाने खाली वाळवा आणि मिरजेकडे निघाले की दोन्ही अंगांना काळे रान लागते. वाटण्या होत होत या रानाचे तुकडे झाले आहेत आणि तुकडा जितका लहान, तितका त्याचा बांध मोलाचा. ज्या बांधावरून एके काळी बैलगाडी जात असे, त्याच बांधावरून आज वैरणीचा भारा घेतलेला माणूस तोल सांभाळत चालतो, असे जुनी माणसे सांगतात. मधला बांध कुठे गेला, असे विचारले तर दोन्हीकडचे खातेदार एकमेकांकडे बोट दाखवतात. खरे पाहता बहुतेक ठिकाणी तो दोघांच्याही नांगराने खाल्लेला असतो.

आपल्या भाषेत या कृत्याला ‘बांध कोरणे’ म्हणतात. शब्द मोठा निरुपद्रवी आहे. चोरी, दरोडा, लूट हे शब्द ऐकताच माणूस दचकतो. बांध कोरणे मात्र खुरपणी-कोळपणीसारखे शेतीचेच एक काम वाटते. म्हणून थोडा हिशेब मांडून पाहू. एक गुंठा म्हणजे तेहतीस फूट लांब आणि तेहतीस फूट रुंद, म्हणजे १०८९ चौरस फूट. समजा, दोन शेतांमधला बांध दहा साखळ्या, म्हणजे ३३० फूट लांब आहे आणि एका बाजूचा शेतकरी दर वर्षी वीतभर, म्हणजे नऊ इंच, आत सरकतो. साडेचार वर्षे होण्याच्या आत शेजाऱ्याचा एक पूर्ण गुंठा त्याच्या ताब्यात आलेला असतो. कोणी भांडण केले नाही, कोणी कुऱ्हाड उचलली नाही, ट्रॅक्टरवाल्याला फक्त एवढेच सांगितले, ‘थोडा कडेने घे.’

वीत हे माप येथे सहज म्हणून घेतलेले नाही. सहीह बुखारी आणि सहीह मुस्लिममध्ये ह. सईद बिन जैद (रजि.) यांच्याकडून आलेली हदीस प्रसिद्ध आहे. जो कोणी दुसऱ्याची वीतभर जमीन अन्यायाने घेईल, त्याच्या गळ्यात ती सात जमिनींपर्यंत जोखड म्हणून घातली जाईल, असा इशारा पैगंबर मुहम्मद (स.) यांनी त्यात दिला आहे. आणि ह. अली (रजि.) यांच्या रिवायतीत, आईवडिलांना शिव्याशाप देणारा, अल्लाहखेरीज इतरांच्या नावे बळी देणारा यांच्याच पंक्तीत जमिनीच्या खुणा बदलणाऱ्याला बसवले आहे, या सर्वांवर अल्लाहची लानत असल्याचे सांगितले आहे. हद्दीचा दगड हलवणाऱ्याची गणना कोणत्या गुन्हेगारांत झाली, ते पाहावे.

तंटा उभा राहिल्यावर आपल्याकडे मार्ग काय आहे, हे आपल्या कुटुंबांतील सर्वांना, विशेषतः स्त्रियांना, ठाऊक असणे आवश्यक आहे. पहिली पायरी म्हणजे तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात सरकारी मोजणीचा अर्ज. शेजारच्या खातेदारांना नोटीस निघते, ठरल्या दिवशी भूकरमापक येतो, मूळ टिपण आणि नकाशा यांच्याशी जागेवरची वहिवाट ताडून पाहतो, हद्दीच्या खुणा दाखवतो आणि नंतर मोजणी नकाशाची ‘क’ प्रत मिळते. ती मोजणी मान्य नसेल तर वरच्या अधिकाऱ्याकडून निमताना मोजणी मागता येते. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ प्रमाणे हद्द एकदा रीतसर ठरली की कोणती जमीन कोणाच्या खात्यात मोडते हे त्यावरून निश्चित होते आणि चुकीने कब्जात असलेल्याला जिल्हाधिकारी बाहेर काढू शकतात. बांधावरून जाण्यायेण्याचा रस्ता हवा असेल तर त्याच संहितेच्या कलम १४३ खाली तहसीलदारांकडे अर्ज करता येतो. पूर्वापार वहिवाटीची वाट कोणी अडवली तर १९०६ च्या मामलेदार न्यायालय कायद्याखाली सहा महिन्यांच्या आत दाद मागावी लागते. मालकीचाच प्रश्न असेल तर दिवाणी न्यायालय. सातबाऱ्यावरची नोंद महसुलासाठी असते, केवळ तिने मालकी सिद्ध होत नाही, ही गोष्ट अनेकांना वाद हरल्यावर कळते.

हे सर्व मार्ग वापरण्यात धार्मिक दृष्ट्या काही कमीपणा आहे का? आपल्यातील काही नेक माणसे तसे समजतात. कोर्टाची पायरी चढणे म्हणजे तवक्कुल सोडणे, असे त्यांना वाटते. हा गैरसमज आहे. वहीभर पुरावे घेऊन न्यायाधीशापुढे उभा राहणारा माणूस कुऱ्हाड घेऊन बांधावर उभ्या राहणाऱ्यापेक्षा अल्लाहच्या आज्ञेच्या अधिक जवळ असतो. भावाला मदत करा, तो जुलूम करणारा असो वा जुलूम सोसणारा, असे पैगंबरांनी (स.) सांगितले तेव्हा सहाबांनी विचारले की जुलूम करणाऱ्याला मदत कशी करावी? उत्तर होते, त्याचा हात धरून. ज्या शेजाऱ्याचा नांगर दर वर्षी आत येतो, त्याच्यावर रीतसर दावा लावणे हेसुद्धा त्याचा हात धरणेच आहे. आणि ‘त्याने माझे खाल्ले, मी पलीकडच्या अंगाने त्याचे खातो’ हा जो हिशेब गावोगाव चालतो, त्यापासून तर कोर्टच वाचवते. विश्वासघात करणाऱ्याशीही विश्वासघात करू नये, ही शिकवण अबू दाऊद आणि तिर्मिजी यांच्या संग्रहांत आली आहे.

खरा अवघड प्रश्न निकालानंतर सुरू होतो. समजा, दावा आठ-दहा वर्षे चालला. आपला वकील हुशार, समोरच्याचा साधा. त्यांचा एक महत्त्वाचा कागद गहाळ झाला, त्यांचा साक्षीदार मधल्या काळात वारला. निकाल आपल्या बाजूने लागला. पण लहानपणी वडिलांनी ज्या बाभळीकडे बोट दाखवून ‘इथपर्यंत आपले’ म्हटले होते, ती बाभळ निकालात मिळालेल्या हद्दीच्या चार हात अलीकडे होती, हे आपल्याला आठवते. आता त्या चार हातांच्या पट्ट्याचे काय? न्यायालयाच्या शिक्क्याने तो हलाल झाला का?

या प्रश्नाला उम्मुल मोमिनीन ह. उम्मे सलमा (रजि.) यांच्या हदीसने इतके स्पष्ट उत्तर दिले आहे की पळवाट उरत नाही. पैगंबरांनी (स.) आपल्या दारापाशी भांडण ऐकले, बाहेर आले आणि म्हणाले की मीही माणूसच आहे, तुम्ही तंटे घेऊन माझ्याकडे येता, तुमच्यापैकी एखादा बाजू मांडण्यात दुसऱ्याहून तरबेज असतो, मी जे ऐकतो त्यावर निर्णय देतो, तेव्हा कोणाला त्याच्या भावाच्या हक्कातले काही माझ्या निर्णयाने मिळाले तर ते त्याने घेऊ नये, कारण मी त्याला आगीचा तुकडा कापून दिलेला असतो. अल्लाहच्या प्रेषिताचा निकालसुद्धा जिथे खोट्याला खरे करीत नाही, तिथे तहसीलदार, दिवाणी न्यायाधीश किंवा उच्च न्यायालय यांचा निकाल ते कसे करील? सूरह बकराच्या १८८ व्या आयतीतही हाच प्रसंग समोर ठेवला आहे: लोकांच्या मालमत्तेचा काही हिस्सा जाणूनबुजून पापाने गिळता यावा, यासाठी प्रकरण अधिकाऱ्यांपर्यंत नेऊ नका. आयतीतला ‘जाणूनबुजून’ हा शब्द नजरेआड करू नये. सगळा विषय त्या शब्दावर टेकलेला आहे.

फुकहांनी या हदीसवर बारकाईने विचार केला. काझीचा निकाल केवळ बाह्यतः लागू होतो, की अल्लाहच्या दरबारातही वस्तूचे स्वरूप बदलतो? इमाम शाफई (रह.) यांच्यासह बहुसंख्य विद्वानांचे मत की तो केवळ बाह्यतः लागू होतो. इमाम अबू हनीफा (रह.) यांनी विवाह, तलाक, खरेदी-विक्री अशा ज्या बाबी काझी स्वतःच्या अधिकारात घडवू वा मोडू शकतो, त्यांत निकालाचा परिणाम आतूनही होतो असे म्हटले. यावर मोठी चर्चा झाली आहे. परंतु ‘ही वस्तू माझी आहे’ असा मालकीचा निव्वळ दावा असेल, तर त्यांचेही मत इतरांप्रमाणेच आहे. म्हणजे साताऱ्या-सांगलीकडचा हनफी असो की कोकणातला शाफई, बांधाच्या बाबतीत कोणालाही आपल्या मसलकच्या आडोशाला उभे राहता येत नाही.

मग निकालाला अर्थ काय उरला, असे कोणी विचारील. अर्थ पुष्कळ उरतो. आपल्याला जे ठाऊक आहे आणि जे ठाऊक नाही, त्यांत फरक केला पाहिजे. बहुतेक हद्दी खरोखरच धूसर झालेल्या असतात. कृष्णा-वारणेला महापूर येतो, बांध वाहून जातात, मळीची जमीन एकीकडे तुटते आणि दुसरीकडे साचते. २०१९ चा पूर अजून सर्वांच्या डोळ्यांपुढे आहे. एकत्रीकरण योजनेत जुने सर्व्हे नंबर जाऊन गट पडले, तेव्हा कागदावरची आणि वहिवाटीची हद्द अनेक ठिकाणी वेगळी झाली. अशा जागी आजोबांनाही नक्की ठाऊक नव्हते, आपल्यालाही नाही. तिथे मोजणीने आणि निकालाने जे ठरले, ते स्वच्छ मनाने घ्यावे. नसता वहम बाळगून स्वतःला त्रास देण्याची गरज नाही. पण जिथे आपल्याला सत्य माहीत आहे, तिथे न्यायाधीशापाशी नसलेला एक पुरावा आपल्यापाशी आहे, आणि त्या पुराव्यापुरते आपणच न्यायाधीश आहोत. हा खटला कोणी दाखल करीत नाही आणि त्यात तारीखही पडत नाही.

मुदतीचा मुद्दा आणखी नाजूक आहे. आपल्या देशाच्या १९६३ च्या मुदत कायद्याप्रमाणे दुसऱ्याच्या जमिनीवर बारा वर्षे उघड, अखंड आणि मालकाच्या हक्काला न जुमानता कब्जा राहिला, तर मूळ मालकाचा हक्क संपतो. हेमाजी वाघाजी जाट प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्वतःच या कायद्यावर कठोर टीका केली आणि त्याचा फेरविचार व्हावा असे सरकारला सुचवले. तरीही तो कायदा आजही आहे, आणि २०१९ मध्ये रविंदर कौर ग्रेवाल प्रकरणात न्यायालयाने असा कब्जेदार वादी म्हणूनही दावा लावू शकतो असे ठरवले. राज्यव्यवस्थेच्या दृष्टीने मुदतीला कारण आहे: पन्नास वर्षांपूर्वीचे तंटे उकरत राहिले तर कोणाचीच जमीन निर्धोक राहणार नाही. इस्लामी कायद्याच्या इतिहासातही हे कारण ओळखले गेले. उस्मानी राजवटीत १८६९ ते १८७६ या काळात तयार झालेल्या ‘मजल्ला’ या संहितेत पंधरा वर्षांनंतर असे दावे ऐकू नयेत असा नियम होता. पण त्याच संहितेच्या १६७४ व्या कलमात असे सांगितले आहे की काळ लोटल्याने हक्क नाहीसा होत नाही. प्रतिवादीने न्यायालयात दुसऱ्याचा हक्क उघडपणे कबूल केला तर मुदतीची सबब चालत नाही. कान बंद होतात, हक्क मरत नाही. आपल्या कायद्यात हक्कही मरतो, म्हणून न्यायालयात हा बचाव घेता येतो. परंतु ज्याला आपला कब्जा कसा सुरू झाला हे माहीत आहे, त्याने बारा वर्षे मोजत बसणे म्हणजे आगीचा तुकडा थंड होण्याची वाट पाहणे होय, आणि तो थंड होतो असे हदीसमध्ये कुठेही म्हटलेले नाही.

तडजोडीबद्दल आता थोडे. ह. जुबैर (रजि.) आणि एक अन्सारी यांच्यात हर्राच्या पाटाच्या पाण्यावरून वाद झाला. पैगंबरांनी (स.) आधी जुबैर यांना सुचवले की तुम्ही भिजवून घ्या आणि पाणी शेजाऱ्याकडे सोडा. त्यात दोघांची सोय होती. अन्सारींनी रागाने पक्षपाताचा आरोप केला, तेव्हा मात्र जुबैर यांचा पूर्ण हक्क त्यांना देण्यात आला. हा क्रम ध्यानात घेण्यासारखा आहे: प्रथम सोयीची वाट, ती नाकारली गेली तर काटेकोर न्याय. ह. उमर (रजि.) यांच्याकडून असे सांगितले जाते की भांडणाऱ्यांना आधी समेटासाठी परत पाठवा, कारण निकालाने मनांत अढी उरते. ज्यांच्या विहिरीत सामायिक हिस्सा आहे आणि ज्यांच्या पाण्याच्या पाळ्या एकमेकांवर अवलंबून आहेत, अशा दोन खातेदारांना निकालानंतरही शेजारीच राहायचे असते, हे खरेच आहे.

आपल्या राज्यानेही या वाटा काढून ठेवल्या आहेत. तासगाव तालुक्यातील अंजनीचे आर. आर. पाटील गृहमंत्री असताना १५ ऑगस्ट २००७ पासून महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली आणि गावोगाव समित्या नेमल्या गेल्या. कुठे समिती कागदावर राहिली, कुठे तिने बरीच वर्षे रखडलेले बांधाचे वाद देवळाच्या किंवा मशिदीच्या ओट्यावर बसून मिटवले. सारे माणसांवर अवलंबून असते. लोकअदालतीत झालेली तडजोड दिवाणी हुकूमनाम्याइतकीच बंधनकारक असते, त्यावर अपील नसते आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. २०२३ मध्ये सुरू झालेल्या सलोखा योजनेत, किमान बारा वर्षे एकमेकांची जमीन कसत असलेल्या शेतकऱ्यांना नाममात्र मुद्रांक व नोंदणी शुल्कात अदलाबदलीचा दस्त करण्याची सोय दिली गेली. एकाच्या नावावरची जमीन दुसऱ्याच्या ताब्यात आणि दुसऱ्याची पहिल्याच्या, या विचित्र अवस्थेत दोन-दोन पिढ्या कोर्टात घालवलेल्या कुटुंबांना याचे मोल कळेल.

मात्र माफ करताना माफ करणाऱ्याने एक गोष्ट तपासावी: जे सोडतो आहे, ते माझे आहे का? आपल्या घरांत थोरला भाऊ समितीपुढे बसतो आणि ‘जाऊ द्या, दोन गुंठे सोडले’ म्हणून वाहवा मिळवतो. पण त्या दोन गुंठ्यांत बहिणींचा हिस्सा असतो, मयत भावाच्या अज्ञान मुलांचा हिस्सा असतो. अनाथांची मालमत्ता खाणाऱ्यांविषयी सूरह निसाच्या दहाव्या आयतीचा इशारा उदार दिसणाऱ्या चुलत्यालाही लागू आहे. कब्रस्तानाची, मशिदीची वा दर्ग्याची इनाम जमीन असेल तर मुतवल्ली हा राखणदार आहे. शेजाऱ्याशी गोडी राहावी म्हणून वक्फची हद्द मागे घेण्याचा त्याला काहीही अधिकार नाही. तिथे मोजणी मागवणे आणि दावा लढवणे हेच त्याचे कर्तव्य. दुसऱ्याच्या खिशातून दिलेल्या दानाला एहसान म्हणत नाहीत.

आपल्या भागात बांधाला बांध लागून असलेला शेजारी बहुधा बिगरमुस्लिम असतो. कधी कधी मोहल्ल्यातली माणसे ‘आपल्या माणसाच्या’ बाजूने साक्षीला उभी राहतात, हद्द न पाहताच पंचनाम्यावर सही करतात. सूरह निसाच्या १०५ व्या आयतीच्या पार्श्वभूमीवर मुफस्सिरांनी सांगितलेला प्रसंग अशा वेळी आठवावा. मदिनेत बनू उबैरिकच्या एका माणसाने चोरी केली आणि आळ एका ज्यूवर घातला. नातेवाइकांनी आपल्या माणसाची तरफदारी केली. आणि वह्य आली ती त्या ज्यूला निर्दोष ठरवणारी, खियानत करणाऱ्यांची वकिली करण्यापासून रोखणारी. साक्ष रक्ताच्या नात्याची नसते. आपल्याच मुलखातले एक जुने उदाहरण आहे. कराडजवळच्या मसूर गावच्या पाटीलकीवरून जगदाळे आणि बापाजी मुसलमान यांच्यात तंटा होता. गावाकडचे पंच पक्षपाती आहेत अशी बापाजीची तक्रार होती. विजापूरच्या इब्राहिम आदिलशाहाने प्रकरण पैठणला, हिंदूंच्याच विख्यात क्षेत्री, निवाड्यासाठी पाठवले. निवाडा बापाजीच्या विरुद्ध गेला, आणि मुसलमान सुलतानाने तो कायम ठेवला.

ह. सईद बिन जैद (रजि.) यांची हदीस वर आली, ती त्यांनी कोणत्या प्रसंगी सांगितली, हेही पाहण्यासारखे आहे. अर्वा नावाच्या शेजारणीने मदिनेचा शासक मरवान याच्याकडे दावा केला की सईद यांनी तिची जमीन बळकावली. स्वर्गाची शुभवार्ता मिळालेल्या दहा सहाबांपैकी एक असलेला हा माणूस म्हणाला की पैगंबरांच्या (स.) तोंडून वीतभर जमिनीची गोष्ट ऐकल्यावर मी तिची जमीन घेईन का? आणि त्यांनी ती जमीन तिला सोडून दिली. दावा खोटा असेल तर अल्लाहनेच पाहावे, एवढे मात्र मागितले. काही रिवायतींत येते की पुढे पूर आला आणि त्या पाण्याने खरी हद्द उघडी केली. ती सईद यांनी सांगितली तशीच होती. आपल्या कृष्णेचा पूर हद्दी पुसतो.

आणि दुसरा प्रसंग किंदा व हजरमौत येथील दोन माणसांचा. जमीन किंदीच्या ताब्यात होती, हजरमी म्हणत होता की याच्या बापाने ती माझ्याकडून बळकावली. हजरमीकडे पुरावा नव्हता. नियमाप्रमाणे शपथ किंदीवर आली, आणि ती घेतली असती तर निकाल त्याच्याच बाजूने होता. तो शपथेला तयारही झाला. तेव्हा पैगंबरांनी (स.) एवढेच सांगितले की खोट्या शपथेने दुसऱ्याचे धन घेणारा अल्लाहला कोणत्या अवस्थेत भेटेल. अबू दाऊद यांच्या संग्रहातील रिवायतीत आहे की हे ऐकून किंदी थांबला आणि म्हणाला, जमीन याचीच आहे.